कंबरदुखी आणि डिस्क हे दोन्ही कोड एकत्र लावल्यावर क्लेम का परत येतो?

डॉक्टरांच्या नोंदीत कंबरदुखी आणि एल४-एल५ची (कंबरेच्या चौथ्या व पाचव्या मणक्यांमधली) सरकलेली डिस्क, म्हणजे मणक्यांमधली गादी, असे दोन्ही असल्यामुळे आपण एम५४.५ (कंबरदुखी) आणि एम५१.२६ (सरकलेली डिस्क) हे कोड लावले आणि अमेरिकेतील विमा कंपनीने क्लेम परत पाठवला, असे आपण लिहिले आहे. यात दोन स्वतंत्र अडचणी आहेत.

पहिली किरकोळ आहे. आयसीडी-१०-सीएममध्ये (अमेरिकेत वापरल्या जाणाऱ्या निदान-कोडांच्या यादीत) एम५४.५ हा चार अंकाक्षरांवर न थांबता पुढे विभागला गेला असून, १ ऑक्टोबर २०२१पासून एम५४.५० (कारण न नोंदवलेली कंबरदुखी), एम५४.५१ (वर्टिब्रोजेनिक, म्हणजे मणक्याच्या एंडप्लेटमधून उद्भवणारी) किंवा एम५४.५९ (इतर) यांपैकी एक निवडावा लागतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आयसीडी-१०मध्ये मात्र एम५४.५ तसाच असल्याने इंटरनेटवरचे तक्ते हमखास गोंधळ करतात.

दुसरी अडचण मुळातली आहे. कंबरदुखी हे लक्षण आहे आणि सरकलेली डिस्क हे त्याचे कारण. कारण निश्चित नोंदवलेले असेल, तर त्यात सामावलेल्या लक्षणाचा वेगळा कोड लागत नाही. म्हणूनच एम५४.५च्या खाली 'एक्सक्लूड्स वन' (हे कोड या कोडसोबत लावू नयेत) या सूचनेत डिस्क सरकल्याने होणारी कंबरदुखी (एम५१.२), सायटिकासह (कंबरेतून पायात उतरणाऱ्या वेदनेसह) कंबरदुखी (एम५४.४) आणि कंबरेचा स्नायू ताणला जाणे (एस३९.०१२) ही तिन्ही वगळलेली आहेत. आपल्या उदाहरणात एकटा एम५१.२६ पुरेसा होता. दोन्ही तक्रारींचा एकमेकींशी काहीही संबंध नाही, असे नोंदीतून स्पष्ट होत असेल तरच दोन्ही कोड देता येतात. कंबरेच्या बाबतीत असे क्वचितच घडते.

खरी कसोटी पायात उतरणाऱ्या वेदनेची आहे. डिस्कसोबत रेडिक्युलोपथी (मणक्यातून निघणाऱ्या नसेच्या मुळाचा त्रास) किंवा सायटिका नोंदवलेली असेल, तर एम५१.२६ऐवजी एम५१.१६ येतो आणि एल५-एस१ असेल तर एम५१.१७, कारण ती जागा लंबोसॅक्रल (कंबर आणि त्याखालचे त्रिकास्थी यांच्या जोडाची) धरली जाते. डिस्कचा उल्लेख नसून कंबरदुखी व सायटिका एवढेच असेल, तर बाजूनुसार एम५४.४१ (उजवी) किंवा एम५४.४२ (डावी). परंतु डॉक्टरांनी केवळ 'पाय दुखतो' असे लिहिले असेल, तर त्यावरून रेडिक्युलोपथीचा निष्कर्ष आपण काढू नये, मग एमआरआयच्या अहवालात नस दबल्याचे कितीही ठळक दिसत असो. निदान करणे हे कोडरचे काम नाही. त्याच न्यायाने बाह्यरुग्ण विभागातील नोंदीत 'संभाव्य' किंवा 'शंका' असे शब्द असतील, तर त्या आजाराचा कोड न देता लक्षणाचाच द्यावा. अशा वेळी एम५४.५० अगदी योग्य ठरतो.

डिस्कची झीज असेल, तर जुना एम५१.३६सुद्धा आता चालत नाही. १ ऑक्टोबर २०२४पासून वेदना फक्त कंबरेत आहे (एम५१.३६०), फक्त पायात आहे (एम५१.३६१), की दोन्हीकडे आहे (एम५१.३६२), हे नोंदीत असावे लागते; वेदनेचा उल्लेखच नसेल तर एम५१.३६९. नोंद अपुरी असल्यास डॉक्टरांना क्वेरी (लेखी विचारणा) पाठवावी, मात्र तिची भाषा तटस्थ ठेवावी: 'पायातील वेदनेचे कारण कृपया स्पष्ट करावे' हे चालते, 'रेडिक्युलोपथी लिहावी' हे चालत नाही.