रेक्स मध्येच का उठतो? 'आर्क'मधल्या टेमिंगच्या शंका

'आर्क : सर्व्हायव्हल इव्हॉल्व्हड' हा डायनासोर पकडून पाळण्याचा व्हिडिओ गेम २०१७ मध्ये पूर्ण रूपात आला, 'असेंडेड' ही त्याची नवी आवृत्ती २०२३ मध्ये आली. तरीही वाचकांच्या शंकांमध्ये सगळ्यांत मोठा ढीग अजून प्राणी टेम करण्याचाच, म्हणजे रानटी प्राणी माणसाळवण्याचाच असतो. त्यांतल्या निवडक शंका इथे घेतल्या आहेत. आकडे मूळ खेळाचे, १ गुणकाचे (म्हणजे वेग न बदललेल्या सर्व्हरचे) आहेत. तुमच्या सर्व्हरवर गुणक वेगळे असतील तर ते बदलतील.

प्रश्न : रेक्स बेशुद्ध केला, त्याच्या इन्व्हेंटरीत (सामानाच्या साठ्यात) दोनशे नार्कोबेरी (बेशुद्धी टिकवणाऱ्या बेऱ्या) टाकल्या आणि लाकडं आणायला गेलो. परत आलो तर रेक्स उठलेला आणि सगळी प्रगती शून्य. बेरी तशाच पडून होत्या. हा बग आहे का?

नाही. बेशुद्ध प्राणी मांस किंवा किबल (अंड्यापासून शिजवलेलं खास अन्न) भूक लागली की आपणहून खातो, पण नार्कोबेरी आणि नार्कोटिक (या बेरीपासून केलेलं औषध) त्याला आपण भरवावी लागतात. इन्व्हेंटरी उघडा, नार्कोटिकवर जा आणि 'वापरा'चं बटण दाबा. कीबोर्डवर ते 'ई' आहे. नुसतं आत टाकून ठेवलं तर ते फक्त साठवणीत राहतं.

टॉर्पर म्हणजे बेशुद्धीची पातळी; ती शून्यावर आली की प्राणी उठतो. एक नार्कोबेरी ७.५ टॉर्पर वाढवते, एक नार्कोटिक ४० आणि बायो टॉक्सिन ८०. नार्कोटिकला ५ नार्कोबेरी आणि १ सडलेलं मांस लागतं. पाच बेऱ्या तशाच भरवल्या तर ३७.५ मिळतात, म्हणजे टॉर्परच्या हिशेबात फारसा फरक नाही. नार्कोटिक करायचं ते वेगळ्या कारणासाठी: बेरी सडते, नार्कोटिक सडत नाही. शिवाय बाण आणि डार्टलाही तेच लागतं. मोठ्या प्राण्यामागे लागण्याआधी नार्कोटिक कुटायचा खलबत्ता रिकामा राहू देऊ नका.

यांचा परिणाम एकदम होत नाही, काही सेकंदांत हळूहळू चढतो. त्यामुळे टॉर्पर शून्याला टेकत आलेला असताना धावत येऊन भरवणं धोक्याचं. किती वेळ हाताशी आहे हे मोजून ठेवा. प्राणी पडला की टॉर्परचा आकडा बघा, बरोबर एका मिनिटाने पुन्हा बघा. समजा मिनिटाला ६० उतरतोय आणि शिल्लक ९०० आहे, तर पंधरा मिनिटं आहेत. दहाव्या मिनिटाला परत या. हा वेग प्राण्यागणिक वेगळा असतो आणि लेव्हल वाढली की वाढतो. जिगॅनोटोसॉरसचा टॉर्पर तर इतक्या झपाट्याने उतरतो की त्याच्याजवळून हलायचंच नाही. एका रेक्सवर बसवलेला हिशेब दुसऱ्या रेक्सला लावू नका, प्रत्येक वेळी मोजा.

प्रश्न : लेव्हल १५० चा अर्जेंटाव्हिस दोनदा सापडला आणि दोन्ही वेळा बेशुद्ध होण्याआधीच मेला. क्रॉसबो चांगल्या प्रतीचा आहे. बाण कमी मारायचे का?

बाण कमी मारले तर तो पडणारच नाही. अडचण बाणातल्या टॉर्पर आणि इजेच्या प्रमाणात आहे, ते आकड्यांनी पाहू.

अर्जेंटाव्हिसचा टॉर्पर पहिल्या लेव्हलला ६०० असतो आणि पुढच्या प्रत्येक लेव्हलला त्यात ६ टक्के, म्हणजे ३६, भर पडते. १५० व्या लेव्हलला तो ५९६४ होतो. साध्या क्रॉसबोचा ट्रँक (बेशुद्ध करणारा) बाण १५७.५ टॉर्पर आणि ३५ इजा देतो. असे ३८ बाण लागतात, एकूण इजा १३३०. साध्या धनुष्याचा बाण ९० टॉर्पर आणि २० इजा देतो. ६७ बाण, इजा १३४०. दोन्हीकडे प्रमाण एकच, इजेच्या साडेचार पट टॉर्पर. क्रॉसबोची प्रत वाढली की दोन्ही सारखेच वाढतात. डोक्याला मारलेल्या बाणाचंही तसंच आहे. बाण कमी लागतात, पण प्राणी वाचण्याची शक्यता त्यामुळे फारशी वाढत नाही.

आता आरोग्य. मूळ ३६५, आरोग्यात गेलेल्या प्रत्येक लेव्हलमागे ७३ ची भर. रानटी प्राण्याच्या लेव्हल वेगवेगळ्या गुणांत नशिबाने वाटल्या जातात. १५० लेव्हलच्या अर्जेंटाव्हिसला आरोग्यात वीस-एकवीस लेव्हल मिळाल्या तर आरोग्य १८०० ते १९०० च्या घरात जातं आणि बाण त्याला झेपतात. पण एखाद्याच्या वाट्याला बाराच आल्या तर आरोग्य १२४१ भरतं आणि तो १३३० च्या इजेत मरतो. टॉर्परला मात्र सगळ्या लेव्हलची वाढ मिळते, त्यामुळे तो कमी होत नाही. म्हणून उंच लेव्हलचा नाजूक पक्षी हातचा जातो.

उपाय लाँगनेक रायफल आणि ट्रँक्विलायझर डार्ट. डार्ट २२१ टॉर्पर देतो आणि इजा फक्त २६, म्हणजे साडेआठ पट. त्याच अर्जेंटाव्हिसला २७ डार्ट लागतात, इजा ७०२. बारा लेव्हलवालासुद्धा जगतो. प्रत्येक डार्टला एक साधी रायफल गोळी आणि तीन नार्कोटिक लागतात, म्हणून खर्च जास्त, पण १५० चा प्राणी रोज दिसत नाही. तिथे काटकसर करू नये.

हे आकडे मधे टॉर्पर उतरला नाही असं धरून काढलेले आहेत, म्हणून चार-पाच डार्ट जास्त ठेवा. बाण असो की डार्ट, टॉर्परचा मोठा भाग लागल्यानंतर सुमारे पाच सेकंदांत चढतो. शेवटच्या टप्प्यात दोन माऱ्यांमध्ये तेवढं थांबा. बऱ्याच वेळा प्राणी आधीच पडणार असतो आणि घाईचा एक बाण त्याचा जीव घेतो. पळायला लागलेला प्राणी बऱ्याचदा पडण्याच्या बेतात असतो. पण आरोग्य संपत आल्यावरही प्राणी पळतात, म्हणून रक्ताने माखलेला दिसला तर बाण थांबवा.

प्रश्न : पूर्ण इफेक्टिव्हनेसने टेम केला तरी १५० चा प्राणी २२४ च होतो, २२५ का नाही? आणि माझे बरेचसे २१० च्या आसपासच अडकतात.

इफेक्टिव्हनेस म्हणजे टेमिंग किती चांगलं झालं याची टक्केवारी. पूर्ण १०० टक्के इफेक्टिव्हनेसला प्राण्याच्या रानटी लेव्हलच्या निम्म्या लेव्हल जास्त मिळतात, १५० ला ७५. पण प्राण्याने खाल्लेला प्रत्येक घास इफेक्टिव्हनेस थोडा खाली आणतो. उत्तम किबलनेही तो शंभरच्या किंचित खाली येतो, पूर्णांक घेताना ७४ उरतात आणि १५० चे २२४ होतात. २१० म्हणजे ६० लेव्हल, अर्थात साधारण ८० टक्के.

इफेक्टिव्हनेस दोन गोष्टींनी घटतो. पहिली, घासांची संख्या. आवडतं अन्न एका घासात जास्त प्रगती देतं, म्हणून घास कमी लागतात. मांसाहारींना किबलनंतर कच्चं मटण, त्यानंतर कच्चं प्राइम मांस, आणि साधं कच्चं मांस सर्वांत शेवटी. शाकाहारींना किबल, मग शेतातल्या भाज्या, मग मेजोबेरी. दुसरी, बेशुद्ध असताना झालेली इजा. पडण्याआधीची इजा इफेक्टिव्हनेसला लागत नाही; पडल्यावर लागलेला एक जादा बाण किंवा शेजारून आलेल्या डायलोफोसॉरसचा एक चावा लागतो. प्राणी पाडण्याआधी आजूबाजूचा परिसर साफ करा. नंतर केलेली साफसफाई बहुधा उशिराची ठरते.

प्रश्न : रेक्सला एक्सेप्शनल किबल दिलं, तो खातच नाही. किबल चुकीचं आहे का?

किबल बरोबर आहे. रेक्स, क्वेट्झल आणि जिगॅनोटोसॉरस यांना तेच लागतं. तो भुकेला नाही एवढंच. किबलमधून जितकं अन्न मिळतं तितकी जागा पोटात रिकामी झाल्याशिवाय तो घास घेत नाही. किबलचं अन्नमूल्य मोठं, म्हणून सुरुवातीची वाट लांब. साधं मांस लवकर खातो ते याच कारणाने, आणि लोक अधीर होऊन तेच टाकतात. मग घास वाढतात आणि इफेक्टिव्हनेस घसरतो.

याच गोष्टीचा फायदा घेणारी उपाशी ठेवण्याची पद्धत बरेच जण वापरतात. प्राणी पाडायचा, अन्न काहीच द्यायचं नाही, फक्त टॉर्पर सांभाळायचा. पोट पुरेसं रिकामं झालं की सगळं अन्न एकदम टाकायचं; तो पाठोपाठ घास घेतो आणि उठतो. पुरेसं म्हणजे किती? एकच किबल आधी द्या. अन्नाचा आकडा कितीने वाढला आणि टेमिंगची पट्टी किती सरकली ते पाहा. बाकी किती घास लागतील आणि पोट किती उतरायला हवं, हे त्यातून निघतं.

या पद्धतीने इफेक्टिव्हनेस वाढतो हा समज चुकीचा आहे. घासांची संख्या तीच राहते. फायदा इतकाच की मधेच कुणी प्राणी मारला तर किबल वाया जात नाही, आणि लवकर सडणारं प्राइम मांस शेवटच्या क्षणी ताजं आणता येतं. पण अन्न शून्यावर जाऊ देऊ नका. उपासमारीने आरोग्य घटायला लागतं.

किबल स्वतः शिजवत असाल तर एक्सेप्शनलसाठी एक्स्ट्रा लार्ज आकाराचं अंडं (रेक्सचं चालतं), १ फोकल चिली, १ रेअर फ्लॉवर, १० मेजोबेरी, ५ फायबर आणि पाणी लागतं. अंडं फलित नसावं. भांड्यात सगळं टाकूनही काही शिजत नसेल तर पाणी आधी तपासा. बहुतेक वेळा चूक तिथेच सापडते. लहान प्राण्यांसाठी एवढा खटाटोप नको: डोडो आणि पॅरासॉरला बेसिक, रॅप्टरला सिंपल, टेरानोडॉन आणि कार्नोला रेग्युलर, अर्जेंटाव्हिसला सुपीरियर. वरच्या दर्जाचं किबल खालच्या दर्जाच्या प्राण्यालाही चालतं, फक्त ते महाग पडतं.

प्रश्न : टेरानोडॉनला एक बाण लागला की तो उडून जातो. काय करावं?

'बोला' (पाय अडकवणारी, फेकायची दोरी) वापरा. तो जमिनीवर उतरेपर्यंत थांबा, जवळ जाऊन बोला टाका आणि मगच बाण. लेव्हल १०० चा टेरानोडॉन सुमारे ८३३ टॉर्परवर पडतो. साध्या धनुष्याचे १० किंवा क्रॉसबोचे ६ बाण. बोलाची पकड थोडाच वेळ टिकते, म्हणून आणखी दोन-तीन बोला जवळ असू द्या. समुद्रकाठी तो पाण्याकडे पळाला तर मागे लागू नका. बेशुद्ध होऊन पाण्यात पडला की तो बहुतेक हातचा गेलाच.

प्रश्न : रेक्ससाठी लाकडी सापळा केला, त्याने तो मिनिटात फोडला.

रेक्स गवत आणि लाकूड फोडतो, दगड फोडत नाही. तीन-चार दगडी डायनासोर गेटवे (मोठ्या फाटकांच्या चौकटी) एका रांगेत उभे करा, मधे माणूस निघेल पण रेक्स अडकेल एवढी फट ठेवा, पलीकडचं टोक दगडी गेटने बंद करा. अलीकडचं गेट उघडं ठेवून रेक्सला मागे लावा, आत शिरा, फटीतून बाहेर निघा आणि वळसा घालून गेट लावा. मग फटीतून निवांतपणे डार्ट मारा. लेव्हल १५० च्या रेक्सचा टॉर्पर १५४०७ असतो, म्हणजे किमान ७० डार्ट किंवा ९८ क्रॉसबो बाण. तेवढे मोजून घेतल्याशिवाय त्याला आत घेऊच नका. जिगॅनोटोसॉरस दगडही फोडतो. त्याला धातूचं बांधकाम किंवा मोठा अस्वल-सापळा लागतो.

प्रश्न : लिस्ट्रोसॉरससमोर अन्न घेऊन उभा राहतो, पण भरवण्याचा पर्यायच येत नाही.

लिस्ट्रोसॉरस बेशुद्ध न करता हाताने भरवून टेम होतो. अन्न हॉटबारच्या (झटपट वापराच्या खणांच्या पट्टीच्या) अगदी शेवटच्या खणात हवं, म्हणजे कीबोर्डवरचा ०. दुसऱ्या कुठल्याही खणात असेल तर पर्याय येत नाही. तो खण बरोबर असूनही पर्याय दिसत नसेल तर प्राणी अजून भुकेला नाही. पहिल्या घासानंतर दुसरा लगेच घेत नाहीच. लिस्ट्रोसॉरसला रेअर फ्लॉवर सर्वांत आवडतं. मात्र ० बटण दाबू नका. दाबलं तर ते फूल तुम्ही स्वतः खाता आणि आसपासचे प्राणी चवताळून तुमच्यावर येतात. भरवायचं ते जवळ जाऊन 'ई'ने.

जायगँटोपिथेकसही असाच हाताने भरवावा लागतो, पण तो तापट आहे. घिली सूट (लपायला मदत करणारा पोशाख) घाला, मागून जा, धक्का लागू देऊ नका, घास दिला की लगेच मागे सरका. सोबतचा पाळीव प्राणी पॅसिव्ह (हल्ला न करणारा) ठेवा. नाहीतर ज्याला टेम करायचंय त्यालाच तो मारून टाकतो.

प्रश्न : वायव्हर्नला किती डार्ट लागतात?

एकही नाही. रानटी वायव्हर्न बेशुद्ध करून टेम होत नाही. घरट्यातलं अंडं उचलून आणायचं, उबवायचं आणि पिल्लू वाढवायचं. त्याला वायव्हर्नचं दूध लागतं, म्हणून दुधाची सोय अंडं चोरण्याआधी करा. अंडी १९० लेव्हलपर्यंतची मिळतात, तेव्हा खालच्या लेव्हलच्या अंड्यासाठी जीव धोक्यात घालण्यापेक्षा आणखी दोन घरटी पाहून या.