पुण्यात वाढलेल्या माणसाला खान्देशातल्या खेड्यात राहणं जमतं का?

जमतं. पण 'गावी शांतता मिळेल, थोडी केळीही लावू' असं तुम्ही प्रश्नात लिहिलंय ना, म्हणून उत्तर द्यायला बसलो.

आमचं गाव चोपडा तालुक्यातलं. लॉकडाऊनमध्ये चुलतभाऊ, म्हणजे दादा, वहिनीला घेऊन पुण्याहून राहायला आला. शेतात निघाला तो पांढऱ्या लिननच्या कुर्त्यात. आई म्हणाली, जुना शर्ट घाल. ऐकतो कशाला! केळीचा चीक लागला, काळपट डाग पडले. लिंबू झालं, रॉकेल झालं, ऑनलाइन मागवलेली पावडर झाली. तो डाग कपड्याबरोबरच जातो, भो.

मग म्हणे बांधावरची शेवरी तोडू, ओट्यावरून सातपुडा दिसेल! मे महिन्यात इथं पारा 45 पर्यंत जातो. ती झळ अडवायलाच शेवरी लावतात, नाहीतर केळीच्या पानांच्या चिंध्या होतात. वडील काही बोलले नाहीत, कुऱ्हाड तेवढी आत नेऊन ठेवली.

रात्रीच्या लाइटीला मोटारीवर जायचा कंटाळा, म्हणून त्यानं मोबाइलवर चालणारा स्टार्टर बसवला. चांगली वस्तू आहे, आम्ही अजून वापरतो. पण खारीनं ठिबकची नळी कुरतडलेली मोबाइलवर दिसत नाही. सकाळी एका ओळीत तळं आणि पुढची केळी तहानलेली.

रस्त्यात कुणी "कथा चालनात भाऊ?" (म्हणजे 'कुठं निघालात?') विचारलं, की हा थांबून आधी बँक, मग मेडिकल, मग पिठाची गिरणी असं सगळं सांगायचा. विचारणारा केव्हाच पुढे गेलेला.

वहिनीचं मात्र जमलं. ती विचारायची. कपाशीच्या काड्यांवर भरताची वांगी आता आईपेक्षा बरी भाजते. (आईला सांगू नका.)

हां, नेट बरं चालतं, पण चांगल्या डॉक्टरसाठी तालुक्याला जावं लागतं. यायचंच तर दिवाळीनंतर या, उन्हाळ्यात नको. आणि घरच्या शेतात वाटा असेल, तर आल्या आल्या हिशेब मागू नका. दादा दर दिवाळीला म्हणायचा, "केळी काय, पाणी सोडलं की येते. पैसा जातो कुठं?" अरे, लागवडीपासून घड कापेपर्यंत वर्ष जातं, खत-मजुरी आपली, आणि व्यापारी जाहीर भावानं माल उचलेलच असं नाही. वादळ आलं तर घडासकट झाड आडवं.

दादा हे वाचत असेलच. नळ्यांच्या बिलातला तुझा अर्धा वाटा अजून यायचाय.