आजोबांच्या 1971 च्या आठवणी मोबाईलवर कशा चित्रित कराव्यात?

आजोबा 76 वर्षांचे, 1971 च्या युद्धात होते, हाताशी फक्त मोबाईल आणि घर सोलापुरात यंत्रमागांच्या गल्लीत, असं तुम्ही लिहिलंय. मग चित्राची काळजी नंतर, आधी आवाज बघा. चित्र जरा हललं तरी चालतं. मागाच्या खडखडाटात गेलेला शब्द परत मिळत नाही.

कॉलर माईक घ्या आणि हनुवटीखाली वीतभर अंतरावर लावा. घरातल्या तीन-चार सोलापुरी चादरी काढा, एक खाली अंथरा, बाकीच्या कॅमेऱ्यामागे दोरीवर टाका. खोलीत घुमणारा आवाज बराच बसतो. माग बंद असतात ती वेळ गाठा. पंखा बंदच ठेवावा लागतो, त्यामुळे आपल्याकडच्या उन्हाळ्यात सकाळी लवकर बसा आणि दर 20 मिनिटांनी थांबून पाणी द्या. उठण्याआधी कुणीही न बोलता एक मिनिट नुसता खोलीचा आवाज घ्या, संकलनात सांधे झाकायला तो लागतो. मोबाईल फ्लाइट मोडवर, सेकंदाला 25 फ्रेम (चित्रं), शटर (प्रत्येक फ्रेमचा प्रकाश घेण्याचा वेळ) 1/50 सेकंद. आपली वीज 50 हर्ट्झची आहे, हे जुळलं नाही तर ट्यूबलाइट लुकलुकताना दिसते.

"युद्धात कसं वाटलं?" इथून सुरुवात नको, ठरलेलं उत्तर येतं. त्यांना ट्रंक उघडायला सांगा. ही ट्रंक घेऊन निघालात तेव्हा स्टेशनवर सोडायला कोण आलं होतं, असं विचारा. पदक हातात द्या. ते 'पूर्वी स्टार' आहे की 'पश्चिमी स्टार', यावरून आघाडी पूर्वेची की पश्चिमेची तेही कळते. पदकाची रिबन चाचपत माणूस आपसूक बोलू लागतो, तेव्हा बोटांचं जवळून चित्रण करा. ते गप्प झाले तर मनात दहा मोजा. पुढचा प्रश्न घाईने टाकलात तर नेमकं तेच हरवतं. घरात तेलुगू किंवा कन्नड बोलत असतील तर त्याच भाषेत बोलू द्या, खाली मराठी ओळी देता येतात.

तारीख चुकली असं वाटलं तरी मध्ये टोकू नका. युद्ध 3 डिसेंबरला सुरू झालं असं आपण वाचलेलं असतं, पण पूर्व आघाडीवरची गरीबपूरची लढाई त्याआधीच, 20-21 नोव्हेंबरला झाली होती. आजोबा नोव्हेंबर म्हणत असतील तर तुम्हीच आधी तपासा. खरोखर चूक निघाली तर पडद्यावर छोटी ओळ द्या, त्यांचं वाक्य कापू नका. आणि कृपा करून त्यांच्या बोलण्याखाली देशभक्तीपर गाण्याची धून घालू नका.

गेलेल्या सोबत्याचं नाव आलं तर ते जाहीर करण्याआधी त्याच्या घरच्यांना विचारा. तयार झालेला माहितीपट पहिल्यांदा एकट्या आजोबांना दाखवा. "हे काढ" म्हणाले तर काढायचं, कारण विचारायचं नाही. मूळ चित्रणातला तो भाग ठेवायचा की पुसायचा, हेही त्यांनाच ठरवू द्या. उरलेलं सगळं दोन हार्ड डिस्कवर ठेवा, त्यातली एक दुसऱ्या कुणाच्या तरी घरी.