व्हिएतनाममधल्या होई आनहून मी-सनची मंदिरं आणि एखादं गाव एकाच दिवसात होईल का?

आरामात होतं, फक्त सकाळी लवकर निघा. मी-सन होई आनपासून साधारण 40 किमी आहे, दुपारी तिथे ऊन सहन होत नाही म्हणून पहिला नंबर त्याचाच लावा. आणि आपल्या लोकांनी तर हे बघायलाच हवं हो, चंपा या इथल्या जुन्या राज्याच्या राजांनी चौथ्या शतकापासून इथे शंकराची देवळं बांधली, 1969 च्या अमेरिकन बॉम्बहल्ल्यात बरीच पडली, आणि आपल्याच भारतीय पुरातत्त्व खात्याची टीम दुरुस्तीचं काम करत होती तेव्हा 2020 मध्ये तिथे अखंड दगडाचं शिवलिंग सापडलं! भिंतीच्या अगदी जवळ जाऊन विटांचे सांधे बघा, मध्ये चुना दिसतच नाही, आणि नक्षी थेट विटेवर कोरलीये.

दुपारी परत या, जेवून जरा पडा, मग चारच्या सुमारास ट्रा क्वे. होई आनपासून 3 किमी, सायकलने मस्त जाता येतं. हे भाजीपाल्याचं गाव, खत म्हणून पाण्यातलं शेवाळ वाफ्यात मिसळतात. खांद्यावर कावड, दोन्ही टोकांना झाऱ्या, आणि चालता चालता दोन्ही एकदम कलवायच्या, बघायला सोपं वाटतं पण स्वतः करून बघाच, शेतकरी हौसेने शिकवतात.

मुलं सोबत असतील तर ट्रा क्वे ऐवजी ‘थान्ह हा’ हे कुंभारांचं गाव घ्या, चाकावर मातीत हात घालायला मिळतो. दोन्ही गावं एकाच दिवसात कोंबू नका, नुसती पळापळ होते.