दिवाणी कोर्टाने जमिनीचा निकाल माझ्या बाजूने दिला, तरी पोलीस ताबा का मिळवून देत नाहीत?

कारण ताबा देणं हे पोलिसांचं काम नाही, बेलिफचं म्हणजे कोर्टाचे आदेश बजावणाऱ्या कर्मचाऱ्याचं आहे. निकालाची प्रत घेऊन ठाण्यात खेटे घालू नका. माणूस त्यातच थकून जातो. कोर्टात अंमलबजावणीची दरखास्त दाखल करा, मुदत 12 वर्षं. ताबा वॉरंट निघालं की बेलिफ जागेवर जातो, गरज पडल्यास कुलूपही तोडतो. समोरच्याने अडवलं, तर दिवाणी प्रक्रिया संहिता 1908 च्या ऑर्डर 21, नियम 97 खाली 30 दिवसांत अर्ज करा आणि पोलीस बंदोबस्ताचा आदेश मागा. तो मिळाल्यावर मात्र पोलिसांनी संरक्षण द्यायलाच हवं. मारहाण, धमकी झाली तर फिर्याद वेगळी. तिथे कोर्टाच्या आदेशाची वाट पाहू नका.