व्हीलॅन शिकतोयस ना, मग आधी हे डोक्यात बसव

अरे, व्हीलॅन म्हणजे एकाच स्विचवर पाडलेली वेगवेगळी नेटवर्क, तर कमांड पाठ करायच्या आधी फ्रेम (नेटवर्कवरून जाणारं डेटाचं पाकीट) कुठून कुठे जाते ते कागदावर काढ. साधा स्विच लेयर २ वर चालतो, त्याला आयपीशी देणंघेणं नाही, तो फक्त मॅक ॲड्रेस (नेटवर्क कार्डाचा स्वतःचा नंबर) बघतो, कुठला मॅक कुठल्या पोर्टवर ते लक्षात ठेवतो आणि माहीत नसेल तर त्याच व्हीलॅनच्या बाकी सगळ्या पोर्टवर पाठवून देतो.

आता दादर बघ. सेंट्रल आणि वेस्टर्न एकाच ठिकाणी, पण इकडून तिकडे जायला पूल चढावाच लागतो ना, तसंच व्हीलॅन १० मधून २० मध्ये जायचं तर राउटर किंवा लेयर ३ स्विच (आयपी बघून पाठवणारा) लागतोच, वायर एकाच स्विचला लागलीये म्हणून काही होत नाही.

ट्रंकवर, म्हणजे अनेक व्हीलॅन एकत्र नेणाऱ्या लिंकवर, फ्रेमला कुठला व्हीलॅन ते सांगणारा ८०२.१क्यू चा ४ बाइटचा टॅग लागतो, ॲक्सेस पोर्टवरून (एकाच व्हीलॅनचा पोर्ट) पीसीकडे जाताना तो काढला जातो. अंधेरीला एका ऑफिसात मी अख्खी दुपार आयपी वाटणारा डीएचसीपी सर्व्हर तपासत बसलेलो आणि ट्रंकच्या परवानगीच्या यादीत व्हीलॅन ३० च नव्हता! म्हणून आधी ट्रंकची दोन्ही टोकं बघ, नेटिव्ह व्हीलॅन (ट्रंकवर टॅगशिवाय जाणारा) दोन्हीकडे सेम आहे का तेही.