तुझ्या 'कशाला'बद्दल

तुझा मेसेज रात्री दीडला आला होता, मी सकाळी वाचला. पगार चांगला, वर्क फ्रॉम होम, आईच्या हातची कडक भाकरी न शेंगा चटणी, तरी दुपारी तीन वाजले की लॅपटॉपसमोर वाटतं हे सगळं कशाला. काम नसल्याचा कंटाळा वेगळा रे, तो पार्क चौकात एक चक्कर मारली की जातो. हा तसला नाय.

मलापण झालेला. कापडाचे लूम बंद केले त्या वर्षी. वीस वर्षं कानात खडखडाट न एकदम सगळं गप्प. लोकांना वाटायचं पैशाचं टेन्शन, ते होतंच की, पण सकाळी उठलो काय न झोपलो काय, कुणाचं काय अडत नव्हतं. मग निघालो अर्थ शोधायला, शिबिरं केली, व्हिडिओ बघितले, पाच हजाराचा एक कोर्सपण (घरी अजून सांगितलेलं नाय).

आपल्या सोलापुरातल्या सिद्धेश्वर तलावाला लहानपणापासून फेऱ्या मारतोस, त्याची गोष्ट आठव. बाराव्या शतकातलं ते पोरगं, सिद्धराम, मल्लय्याला म्हणजे मल्लिकार्जुन देवाला शोधत पार आंध्रातल्या श्रीशैलला गेलं, भेट झाली, न तिथं ठेवून घेतलं का? परत गावाला पाठवलं. मग इथं येऊन 68 लिंगं स्थापली, तलाव खोदला. लोक गोष्ट इथंच थांबवतात. पण पुढं शरणांमधले मोठे संत अल्लमप्रभू आले न विचारलं, कुठाय तो तुमचा दगडमाती उपसणारा सिद्धराम? म्हणजे एवढं करूनपण 'कशाला' काय चुकलं नाय बघ, सिद्धरामांना रागपण आला म्हणतात, आणि शेवटी ते बसवकल्याणला, शरणांच्या अनुभवमंटपात म्हणजे चर्चासभेत गेले. तलाव मात्र खोदून झाला होता.

म्हणून आधी उत्तर मग काम, असं करत बसू नको बे. नोकरी सोडून हिमालयातपण जाऊ नको. एक असं काम धर की तू नाय गेलास तर कुणीतरी फोन करून शिव्या घालेल. गड्ड्याच्या म्हणजे संक्रांतीच्या जत्रेच्या आधी नंदीध्वजाचा, त्या उंच जड काठ्यांचा, सराव चालतो तो जाऊन बघ, एकानं दांडी मारली तर दुसऱ्यांच्या अंगावर येतं ते वजन.

मी शेजारच्या पोरीची दहावीची गणितं घ्यायला लागलो. मलाच त्रिकोणमिती येत नव्हती, आदल्या रात्री मोबाईलवर बघून शिकायचो. अर्थबिर्थ काय कळला नाय, पण सातला ती वही घेऊन दारात उभी असायची न मला तोपर्यंत दाढी करून बसावं लागायचं.

तिला मार्क किती पडले ते विचारू नको.